वास्तवाची पटकथा लिहिणाऱ्यांचे नाशकात स्वागत



त्र्यंबकेश्वरी 1870 मध्ये जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांनी 1913 साली ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणला आणि त्याच वर्षी आपले बिऱ्हाड व कारखाना नाशकात हलवला. त्याआधी त्यांनी कॅमेरा रोखला होता वाटाण्याच्या एका रोपावर. टप्प्याटप्प्याने चित्रण करत त्यांनी त्याची वाढ टिपली. जे घडते आहे त्याच्यासमोर चिकाटीने बसणे, हीच माहितीपटाच्या लेखकाचीही पहिली कसोटी.

माहितीपटकार आनंद पटवर्धन त्या कसोटीला उतरले. 1985 च्या ‘हमारा शहर’मध्ये त्यांनी मुंबईतल्या झोपड्यांची पाडापाड आणि उघड्यावर आलेली कुटुंबे दाखवली. त्यात शाहीर विलास घोगरे गायले. पुढे 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात 10 जण मृत्युमुखी पडले आणि काही दिवसांतच घोगरे यांनी आत्महत्या केली. तिथून सुरू झालेले पटवर्धनांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ या माहितीपटाचे काम 14 वर्षे चालले. खटले, निवडणुका, शाहिरी जलसे, बाजू बदलणारे नेते, यांतले काय आधी लिहून ठेवता आले असते? काळ पुढे सरकत गेला, तशी पटकथा घडत गेली.

दलितांच्या मंदिरप्रवेशासाठीचा 1930 चा काळाराम मंदिर सत्याग्रह आणि सिन्नरच्या देशवंडीचे लोककवी वामनदादा कर्डक ज्या जिल्ह्याने पाहिले, त्याला या चित्रपटातली गाणी परकी वाटत नाहीत.

विस्थापनही इथून दूर नाही. सिमंतिनी धुरू यांच्यासह पटवर्धनांनी 1995 मध्ये ‘नर्मदा डायरी’ केली, ती नर्मदेवरच्या सरदार सरोवर धरणाविरुद्ध उभ्या राहिलेल्या लोकांची. त्या धरणाच्या बुडितात महाराष्ट्रातली 33 गावे आली. त्यांतले अक्कलकुव्याचे मणिबेली पाण्याच्या तोंडी सर्वांत आधी गेले. तो भाग आज नंदुरबार जिल्ह्यात, म्हणजे नाशिक विभागातच आहे. तळोद्याच्या पुनर्वसन वसाहतींत वाढलेली मुले आता कर्ती झाली आहेत. धरण, मोबदला, जमीन यांवर पुष्कळ लिहिले गेले. या मुलांची गोष्ट भिलीत, पावरीत, त्यांच्याच तोंडून यायला हवी.

म्हणून नंदुरबारकडून आलेल्या तरुणांचे प्रश्न प्रत्येक चर्चेत आधी घ्यावेत, अशी सत्रप्रमुखांना विनंती करून स्वागत समिती आपणा सर्वांना सभागृहात येण्याचे निमंत्रण देते.