लाकडावरची लिबलिबीत बुरशी



आम्ही हमालांत वावरणारी माणसे. या बुरशीशी आमची ओळख गोदामांच्या जुन्या तुळयांखाली झाली. मृगाच्या सरी पडल्या की ती मेल्या लाकडावर फुलते. तपकिरी आणि माणसाच्या कानासारखी असेल, तर ती ऑरिक्युलॅरिया. चिरांतून रांगेने पिवळी, उलथन्यासारखी इवली पाती निघाली, तर डॅक्रिओपिनॅक्स.

आपल्या जालन्याकडे कोणी तिला डिंकही समजेल. पण बाभळीचा डिंक जित्या झाडातून पाझरतो, पाण्यात विरघळतो. ही फुगते, विरघळत नाही. सध्याच्या उन्हात तिची खपली झाली असेल; ती भिजवून पाहा, पुन्हा लुसलुशीत होईल. चीनमध्ये हे कान आवडीने खातात, पण ओळख पक्की नसताना आपण चव घेऊ नये.

पिवळीने लाकूड तपकिरी, ठिसूळ होते. ती खरवडून वर रंग फासणारे मालक आम्ही पाहिले आहेत. परंतु तिचे धागे आत असतात, आणि ओल मिळेल तोवर ते लाकूड खातात. म्हणून आधी गळका पत्रा बदलून मागावा. मग पोती शिवायचा दाभण तुळईत खुपसून पाहावा. तो सहज शिरला, तर तिच्याखाली थप्पी लावायला कोणी उभे राहू नये.