इतिहासाचा पडदा आणि इतिहासाचा आधार
(व्याख्यानाचा संपादित अंश)



इतिहास दप्तरांत जतन होतो. समाजाच्या मनात तो रुजतो मात्र कथेतून आणि चित्रातून. कोल्हापूरच्या भालजी पेंढारकरांनी हे रुजवण्याचे काम आयुष्यभर केले. ‘नेताजी पालकर’ (१९३९), ‘बहिर्जी नाईक’ (१९४३), ‘छत्रपती शिवाजी’ (१९५२), ‘पावनखिंड’ (१९५६) ही नुसती नावे पाहिली, तरी त्यांची दृष्टी ध्यानी येते. छत्रपतींइतकेच त्यांचे सहकारीही त्यांना चित्रविषय वाटले. १६६० साली पन्हाळ्याहून विशाळगडाकडे जाताना घोडखिंडीत घडलेला संग्राम तर त्यांच्या कोल्हापूरच्या परिसरातलाच. आपल्या मातीचा इतिहास आपणच सांगावा, हा त्यातला भाव आहे.

परंतु येथेच एक जबाबदारी उभी राहते. बहिर्जींविषयी जुन्या साधनांत मिळणारे उल्लेख अत्यंत त्रोटक आहेत. चित्रपटाला मात्र चेहरा हवा, वेष हवा, संवाद हवेत. ती उणीव कल्पना भरून काढते, आणि प्रेक्षक त्या कल्पनेलाच इतिहास समजून घरी जातो. हा कलेचा दोष नव्हे. पण पडद्यावरचे दृश्य म्हणजे पुरावा नव्हे, हे भान सुटले तर आपला अभिमान वाळूवर उभा राहील. प्रतिपक्षाच्या एका प्रश्नाने तो ढासळेल. म्हणूनच राजवाड्यांनी गावोगाव हिंडून कागद गोळा केले, आणि १९१० साली पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ उभे राहिले.

दुसरे संकट नाशाचे. १९४८ साली गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत भालजींचा जयप्रभा स्टुडिओ भस्मसात झाला. ‘मीठभाकर’ त्यांनी पुन्हा नव्याने उभा केला. १९९१ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार अशा जिद्दीच्या माणसाला लाभला. परंतु अनास्थेची आग अधिक व्यापक असते. आपल्या मूकपटांपैकी बहुसंख्य आज पाहावयासही उरलेले नाहीत, आणि कित्येक वाड्यांतील रुमाल वाळवीने संपवले.

आज कॅमेरा प्रत्येकाच्या खिशात आहे. आपल्या गावची गढी, वीरगळ, शिलालेख, वृद्धांच्या आठवणी अवश्य चित्रित कराव्यात. मात्र प्रत्येक चित्रणासोबत स्थळ, दिनांक आणि सांगणाऱ्याचे नाव नोंदवावे. कागदात काय आहे, परंपरेने काय ऐकले आणि आपण काय कल्पिले, हे तिन्ही वेगळे ठेवावे. दाखवणाऱ्याने आधी शोधावे, मग दाखवावे. पूर्वजांचे ऋण फेडण्याचा हाच प्रामाणिक मार्ग आहे.