रक्ताची नळी आणि तिच्यावरची चिठ्ठी

श्रोतेहो, पेरणीसाठी राखलेल्या बियाण्याच्या पोत्यावरची चिठ्ठी उंदराने कुरतडली, तर काय होते हे तुम्हांला सांगायला नको. दाणा तोच, पण वाण कळेनासा होतो, आणि पोते शेवटी दळणाला जाते. संशोधनासाठी घेतलेल्या माणसाच्या रक्ताचेही तसेच आहे.

आपल्या देशात जानेवारी 2020 मध्ये ‘जीनोम इंडिया’ हे काम सुरू झाले. नाना प्रांतांतल्या, जातीजमातींतल्या सुमारे 10,000 माणसांची आनुवंशिक लिपी, म्हणजे डी. एन. ए., वाचून काढण्याचे. ती माहिती फरीदाबादला ठेवली आहे. रक्ताचे नमुने बंगळूरला.

रक्त टिकते कसे? तालुक्याच्या दवाखान्यात जांभळ्या बुचाची नळी तुम्ही पाहिली असेल. तिच्यातले ई. डी. टी. ए. हे द्रव्य रक्तातले कॅल्शियम अडकवून ठेवते, म्हणून रक्त गोठत नाही. डी. एन. ए. मिळतो तो पांढऱ्या पेशींतून. तांबड्या पेशींना केंद्रकच नसते. (गुरुजींनी हे वर्गात जरूर विचारावे. पुष्कळ मुले ‘तांबड्या’ म्हणतील!) नळीवर नाव घालीत नाहीत, आकडा घालतात, आकडा कोणाचा ही नोंद निराळ्या कुलपात. मग नमुना लहान लहान नळ्यांत वाटून शून्याखाली 80 अंशांवर ठेवतात. पुन्हापुन्हा वितळवला-गोठवला तर डी. एन. ए. तुटत जातो, म्हणून ही वाटणी. वाटलेले सगळेच एका पेटीत ठेवू नये, हे ओघाने आलेच.

पण यंत्रावर किती विसंबायचे? अमेरिकेत बोस्टनजवळच्या मॅक्लीन रुग्णालयात 2012 साली शीतपेटी बंद पडली. धोक्याच्या दोन घंटा होत्या, एकही वाजली नाही. मृत्यूनंतर दान केलेले सुमारे 150 मेंदू आत वितळून गेले. त्यांतले बरेच स्वमग्नतेच्या अभ्यासासाठी जपलेले होते. ज्या आईबापांनी ते दिले, त्यांना काय वाटले असेल!

थंडी राखली, चिठ्ठी राखली, तरी एक गोष्ट उरतेच, आणि माझ्या मते तीच सगळ्यांत अवघड: दिलेला शब्द. अमेरिकेतच ग्रँड कॅन्यनच्या खोल दरीत हवासुपाई नावाची लहानशी आदिवासी जमात राहते. त्यांच्यात मधुमेह फार. 1990 पासून ॲरिझोना राज्य विद्यापीठाच्या संशोधकांनी त्यांचे रक्त नेले. लोकांची समजूत ही की, आपल्या मधुमेहावर इलाज शोधतील. पुढे कळले, की त्याच रक्तावर मानसिक रोगांचा, आपसांतल्या लग्नांचा, आणि जमात मुळात आली कोठून याचाही अभ्यास झाला. आपण या दरीतच जन्मलो असे ही माणसे मानतात. त्यांना न विचारता त्यांच्याच रक्तातून दुसरे उत्तर काढले गेले. प्रकरण कोर्टात गेले. 2010 साली तडजोड झाली: 41 जणांना मिळून 7 लाख डॉलर, आणि उरलेले रक्त परत. विद्यापीठाच्या शीतपेटीतून ते नेताना त्या लोकांनी प्रार्थना म्हटली.

उद्या तुमच्या गावीही असे पथक येईल. येऊ द्या, काम चांगले आहे. पण हात पुढे करण्याआधी विचारा: रक्त कशासाठी? किती वर्षे ठेवणार? दुसऱ्या अभ्यासाला वापरणार का? भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या 2017 च्या नियमांप्रमाणे ही माहिती तुम्हांला समजेल अशा भाषेत मिळाली पाहिजे, आणि मागाहून तुम्हांला माघारही घेता येते. सही किंवा अंगठा केलेल्या कागदाची प्रत मागून घ्या, आणि सातबाऱ्याशेजारी ठेवा.