समरूप त्रिकोण आणि चिमणीचे घर

निपाणीकडील माझ्या वर्गातल्या एका मुलाने चिमणीसाठी लाकडी घरटे केले. नमुन्यातील छपराच्या त्रिकोणासह सर्व मापे त्याने दुप्पट केली. कोन तेच, बाजूंचे प्रमाणही तेच; अर्थात त्रिकोण समरूप. गणित बिनचूक! परंतु ३२ मिलिमीटरचे दारही ६४ मिलिमीटरचे झाले. साळुंकी आत शिरली आणि चिमणीची अंडी बाहेर पडली. मुलगा रडू लागला.

मी म्हटले, "बाळा, घर दुप्पट झाले तरी पाखराचे अंग दुप्पट होत नाही. समरूपता आकार राखते, माप नव्हे."

त्याने दारावर ३२ मिलिमीटर भोकाची फळी ठोकली. त्यातून चिमणी जाते, साळुंकी जात नाही. थोड्याच दिवसांत चिमणी काड्या घेऊन परतली.