निविदेच्या अटी आणि लहान उत्पादक

(कार्यकर्ता शिबिरात केलेल्या भाषणाचा संक्षेप)



सरकारी खरेदी हा विषय आपल्या शिबिरांत सहसा येत नाही. तो हिशेबनिसांचा आणि ठेकेदारांचा प्रांत आहे असे मानून आपण तो बाजूला ठेवतो. वास्तविक शाळेचे बाक, रुग्णालयाच्या चादरी, अंगणवाडीतील आहार, गावचा रस्ता हे सारे जनतेच्या पैशातूनच येते. हा पैसा कोणाच्या हाती जातो हा प्रश्न समाजवाद्यांना परका वाटण्याचे कारण नाही.

कायद्याच्या पुस्तकात लहान उत्पादकाची उपेक्षा झालेली नाही, हे प्रथम मान्य केले पाहिजे. केंद्र सरकारची खाती आणि सार्वजनिक उपक्रम यांनी आपल्या वार्षिक खरेदीचा ठराविक भाग सूक्ष्म व लघु उद्योगांकडून घ्यावा, असे धोरण 2012 साली आले. तेव्हा हा भाग 20 टक्के होता, पुढे तो 25 टक्के झाला. त्यातील 4 टक्के अनुसूचित जाती-जमातींच्या उद्योजकांसाठी आणि 3 टक्के महिलांसाठी आहे. 358 वस्तू केवळ लहानांकडूनच घ्यावयाच्या आहेत. लहान उद्योगाचा दर सर्वांत कमी दरापेक्षा 15 टक्क्यांपर्यंत अधिक असला आणि तो कमी दराला माल देण्यास तयार झाला, तर त्याला मागणीतील वाटा देण्याची तरतूद आहे. बयाणा रक्कम भरण्यातूनही त्याला सूट आहे.

मग अडते कोठे? अडते ते अटींच्या पानावर. गेल्या तीन वर्षांची उलाढाल इतकी हवी, याच प्रकारचे इतक्या रकमेचे काम पूर्वी केलेले हवे, अशा दोन ओळींनी धोरणाचे सारे औदार्य संपते. ज्याला काम मिळालेच नाही त्याने अनुभव आणावयाचा कोठून? या अटींतून लहानांना सवलत देता येते. परंतु ‘देता येते’ आणि ‘दिलीच पाहिजे’ यांतील अंतर अधिकाऱ्याच्या मर्जीने भरून निघत असते. बयाणा माफ झाला तरी काम मिळाल्यावरची सुरक्षा ठेव सहसा माफ होत नाही. त्याहून प्रभावी युक्ती म्हणजे कामे एकत्र बांधणे. दहा तालुक्यांची दहा कामे असतील तर दहा लहान कारखानदार उभे राहू शकतात. त्यांचे एकच काम केले की ते दहाही जण रिंगणाबाहेर जातात, आणि नियमभंग झाला असे कोणालाही म्हणता येत नाही.

महाराष्ट्राचे उदाहरण आपल्या डोळ्यांसमोर आहे. अंगणवाडीतील आहाराच्या पुरवठ्यासाठी कंत्राटदार नेमू नयेत, गावातील लोक, बचत गट आणि महिला मंडळे यांच्याकडून तो करून घ्यावा, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर 2004 मध्ये दिला. आदेशाचा शब्द पाळला गेला. कागदावर महिला मंडळे आली. परंतु न्यायालयाने नेमलेल्या आयुक्तांच्या यंत्रणेने 2012 साली जे उघडकीस आणले ते असे, की मोजक्या मंडळांच्या पाटीआड खासगी कारखानेच माल पुरवीत होते. पुढे 2016 मध्ये राज्य शासनाने नव्या निविदा काढल्या. लहान बचत गटांना स्पर्धेत उतरताच येऊ नये अशा त्यांच्या अटी होत्या. सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी 2019 मध्ये ती प्रक्रिया रद्द केली. म्हणजे बचत गटांना चुलीपासून थेट दिल्लीच्या न्यायालयापर्यंत जावे लागले, आणि मधली तीन वर्षे कोणी परत देऊ शकले नाही.

काम मिळाल्यानंतरचा प्रश्न बिलाचा. 2006 च्या कायद्यानुसार लहान पुरवठादाराचे देणे जास्तीत जास्त 45 दिवसांत फेडले पाहिजे. विलंब झाल्यास बँक दराच्या तिप्पट दराने चक्रवाढ व्याज लागते. दाद मागण्यासाठी परिषदाही आहेत. तथापि ज्या खात्याकडून पुढचे काम हवे आहे त्याच खात्याविरुद्ध अर्ज करावयाचा, याला फार मोठे धाडस लागते. बडा कंत्राटदार सहा महिने थांबू शकतो. लहान माणूस सावकाराकडे जातो, आणि सरकारच्या दिरंगाईचे व्याज सावकाराच्या वहीत चढत राहते.

येथे कोणी साथी विचारील, की लहान मालक हाही मालकच ना? त्याच्याकडील मजुराचे काय? हा आक्षेप रास्त आहे. साफसफाई किंवा पहारा यांसारख्या कामांत खर्चाचा मुख्य भाग मजुरीच असते. तेथे सर्वांत कमी दराची निविदा म्हणजे पुष्कळदा सर्वांत कमी मजुरीची निविदा. म्हणून लहानांची बाजू आपण बिनशर्त घेऊ नये. किमान वेतन आणि भविष्य निर्वाह निधी हे घटक स्पर्धेबाहेर काढले पाहिजेत. त्याखालील दर विचारातच घेऊ नये. कंत्राटदाराने वेतन थकविले तर मूळ मालकाने ते द्यावे, हे तत्त्व 1970 च्या कंत्राटी कामगार कायद्याने घालून दिले होते. सरकार मूळ मालक असेल तेथे ते अधिकच कसोशीने पाळले जावे. मजुरीची काटछाट बंद झाली तरच लहान आणि मोठा यांच्यात खरी स्पर्धा सुरू होईल.

आपल्या आग्रहाला मूर्त रूप हवे. कामे विनाकारण एकत्र बांधू नयेत, आणि बांधल्यास कारण लेखी द्यावे. अनुभवाची अट कामाच्या आकाराशी जुळती असावी. थकलेल्या बिलांची यादी प्रत्येक कार्यालयाने तारखेसह लावावी. लहानांनीही सुटे न राहता सहकारी संघ उभारावेत. परंतु मजूर सहकारी संस्थेच्या नावावर दुसराच ठेकेदार काम करतो, हा अनुभव विसरून चालणार नाही. संस्थेचे सभासद खरे आहेत की नाहीत हे आपण प्रत्यक्ष जाऊन पाहिले पाहिजे.

निविदा उघडल्यावर ओरड करणे सोपे असते. खरे काम त्याआधीचे आहे. आपल्या नगरपालिकेची, जिल्हा परिषदेची निविदा निघताच अटींचे पान वाचा, निविदापूर्व बैठकीत लेखी हरकत नोंदवा, माहितीच्या अधिकाराखाली थकलेल्या बिलांची माहिती मागवा. प्रत्येक तालुक्यात दोन कार्यकर्त्यांनी एवढे वाचन अंगीकारले तरी अटी लिहिणाऱ्याचा हात थोडा थबकेल. आज तो थबकत नाही, कारण ते पान कोणी वाचीत नाही याची त्याला खात्री आहे.