गोल्डमन सॅक्सला नाही म्हणणारी नटी



माझा धंदा म्हणजे दिवसभर क्लायंटला रिस्क समजावून सांगणं. त्यामुळे लेक जेव्हा म्हणाली, "बाबा, मी इकॉनॉमिक्सबरोबर थिएटरही घेतेय," तेव्हा माझ्या तोंडून आपसूक निघालं, "आणि पुढे काय?" ती चिडली नाही. म्हणाली, "ब्रिट मार्लिंगबद्दल वाच, मग बोलू."

वाचलं, तिचे सिनेमेही पाहिले.

ब्रिट जॉर्जटाउन विद्यापीठात अर्थशास्त्र शिकली. गोल्डमन सॅक्समध्ये इंटर्नशिप केली, तिथे नोकरीही मिळत होती. आमच्या एमबीएच्या वर्गात अशा ऑफरचे पेढे वाटले असते! तिनं ती नाकारली. माइक केहिल या कॉलेजच्या मित्राबरोबर तिनं क्यूबाला जाऊन 'बॉक्सर्स अँड बॅलेरिनाज' हा माहितीपट केला. नंतर मित्रांबरोबर लॉस एंजेलिस गाठलं.

तिथे कामं येत होती ती भयपटांतली. सुंदर दिसायचं, किंचाळायचं आणि मरायचं. तेव्हा तिनं ठरवलं, मनासारखी भूमिका कुणी देत नसेल तर आपणच लिहायची. एक पटकथा केहिलबरोबर, दुसरी झाल बातमांग्लिज या मित्राबरोबर. 'अनदर अर्थ' आणि 'साउंड ऑफ माय व्हॉइस' हे दोन्ही सिनेमे 2011च्या सनडान्स महोत्सवात एकाच वर्षी लागले. दोन्हींत प्रमुख भूमिकेत तीच. 'अनदर अर्थ'मध्ये आकाशात दुसरी पृथ्वी दिसते, पण गोष्ट आहे एका अपघाताच्या अपराधी भावनेची. तुटपुंज्या पैशांत काढलेला सिनेमा, पण जरूर बघा.

पुढचं सगळंच गोड नाही. तिची 'दी ओए' ही मालिका नेटफ्लिक्सनं 2019 साली दोन सीझननंतर बंद केली, गोष्ट अर्धवट राहिली. तरी 2023 साली ती 'अ मर्डर अॅट दी एंड ऑफ द वर्ल्ड' घेऊन परत आली. लेखन, अभिनय आणि काही भागांचं दिग्दर्शनही तिचं.

आता माझ्यातला कन्सल्टंट म्हणतो, जे बुडाले त्यांच्या मुलाखती कुणी घेत नाही. खरंच आहे. पण एक गोष्ट उशिरा लक्षात आली. आपण व्हिसावर आलो, नोकरी गेली तर देश सोडायची वेळ. ती भीती खरी होती. माझी लेक मात्र इथेच जन्मली. माझी भीती तिच्या सामानात मी का भरतोय?

त्या रविवारी चहा घेताना मी तिला विचारलं, "मग या उन्हाळ्यात काय बनवणार?" तिनं लगेच वही आणली. दहा मिनिटांची गोष्ट आहे. आजोबांच्या भूमिकेसाठी माणूस मिळत नाहीये म्हणे, आणि ती माझ्याकडेच बघतेय.

तुमच्याही घरात अशी एखादी वही असेल, तर एकदा मागून बघा. भेटू पुढच्या भागात. नमस्कार!