अफजलपुरावर कोण टाकतंय?

(गणेशोत्सवातील व्याख्यान, मंडळाने लिहून घेतल्याप्रमाणे)



मी विषय कळवला तेव्हा कार्यकर्त्यांचे चेहरे जरा उतरले होते. गणपतीत अणुबॉम्ब कशाला, असं त्यांना वाटलं असणार. एकजण म्हणालाही, "सर, काहीतरी हलकंफुलकं घ्या ना, संतसाहित्य वगैरे." संतसाहित्य हलकंफुलकं कधीपासून झालं ते मी विचारलं नाही. पण आजचा विषय माझ्या डोक्यावर सत्तावीस वर्षांची उधारी होऊन बसला आहे. ज्याची उधारी तो मुलगा आज इथे नाही, म्हणून तुमच्यापुढे फेडतो.

११ मे १९९८. बुद्धपौर्णिमा होती. त्या दिवशी पोखरणला तीन स्फोट झाले आणि १३ तारखेला आणखी दोन. तुमच्यातल्या थोरांना ती संध्याकाळ आठवत असेल. मी विज्ञानाचा मास्तर, मला तर आभाळ ठेंगणं झालं. पदरचे पैसे घालून पेढे आणले आणि गल्लीत वाटले. पुढे २८ मे रोजी पाकिस्तानने चगाईच्या डोंगरात आपले स्फोट केले, ३० तारखेला आणखी एक. तेव्हा पेढे संपलेले होते.

जूनमध्ये शाळा उघडली. नववीच्या वर्गात फळ्यावर मी मोठ्या हौसेने आकृती काढली. न्यूट्रॉन येतो, युरेनियमचं केंद्रक फुटतं, त्यातून आणखी न्यूट्रॉन निघतात, अशी साखळी. मागच्या बाकावरचा एक मुलगा उठला आणि म्हणाला, "सर, आता त्यांच्याकडे पण आहे. त्यांनी टाकला तर आपण कुठं जायचं?"

वर्ग हसला. मीही हसलो. म्हणालो, "अरे, अफजलपुरावर कोण टाकतंय? त्यांच्या नकाशात तरी आहे का आपलं गाव?" वर्ग आणखी जोरात हसला. मुलगा खाली बसला. त्यानंतर वर्षभर त्याने मला एकही प्रश्न विचारला नाही.

त्या उत्तरातली पहिली चूक भूगोलाची होती. अफजलपूर नकाशात नसेल, पण अफजलपूरची माणसं आहेत. या मंडपात ज्यांचं मूल, सून, जावई पुण्यात, मुंबईत, हैदराबादेत किंवा बेंगळुरूला नाही, असं घर दाखवा. गावात राहिलोय आपण म्हातारे आणि गणपतीला येतात ती नातवंडं. हिरोशिमावर ६ ऑगस्ट १९४५ रोजी पडलेला बॉम्ब सुमारे १५ किलोटनांचा होता आणि त्या वर्षअखेरपर्यंत त्या एका शहरात जवळजवळ १ लाख ४० हजार माणसं गेली. २०२५ मध्ये स्टॉकहोमच्या सिप्री या संस्थेचा अंदाज होता की भारताकडे सुमारे १८० आणि पाकिस्तानकडे सुमारे १७० अण्वस्त्रं होती. जगात सगळी मिळून १२ हजारांच्या वर. ही कुठल्या खेड्यांसाठी ठेवलेली नसतात.

दुसरी चूक मला उमगायला फार वर्षं लागली. तो मुलगा विज्ञान विचारतच नव्हता. त्याला भीती वाटत होती, आणि मी त्याला ती वाटू दिली नाही.

आता आपल्याच भागातल्या भीतीची एक गोष्ट सांगतो. आमची आजी रझाकारांच्या दिवसांबद्दल बोलायची. हे निजामाचं राज्य आणि पलीकडे अक्कलकोट, सोलापूर. १९४८ च्या उन्हाळ्यात एका रात्री आजीने दोन लेकरं आणि एक पितळी तांब्या एवढं घेऊन बैलगाडीने दुधनी गाठली. शेजारची लिंगायत बाई वेशीपर्यंत सोडायला आली होती. ती सारखं म्हणत होती, "हेदरब्याड, हेदरब्याड." भिऊ नको. त्या रात्री त्या बाईलाही भीती वाटतच होती, हे आजी दर वेळी हसून सांगायची. सप्टेंबरात पोलिस ॲक्शन झाली आणि १७ तारखेला निजामाने शरणागती पत्करली. आजी परत आली, तांब्यासकट. तो तांब्या अजून आमच्या देवघरात आहे.

त्या भीतीला तोंड होतं, दिशा होती. कुठून येणार ते ठाऊक होतं आणि कुठे पळायचं तेही. शेजारीण बरोबर चालू शकत होती. आणि संपल्यावर ती भीती गोष्ट होऊन नातवंडांपर्यंत आली. अणुबॉम्बच्या भीतीला यातलं काहीच नाही. दुधनीला जाऊन ती सुटत नाही. ती कधी सुरू झाली आणि कधी संपली हे सांगता येत नाही, म्हणून तिची गोष्टही होत नाही. माणूस अशा भीतीचं काय करतो? बहुतेक वेळा तिच्याकडे पाठ करून बसतो.

रॉबर्ट जे लिफ्टन नावाचे अमेरिकन मनोविकारतज्ज्ञ १९६२ मध्ये हिरोशिमात राहिले आणि वाचलेल्या लोकांशी सविस्तर बोलले. त्या लोकांनी त्यांना सांगितलं की स्फोटानंतर काही वेळातच आत काहीतरी बंद झालं. प्रेतं दिसत होती, पण काही वाटेना. लिफ्टन यांनी याला मनाची बधिरता म्हटलं. जिवंत राहण्यासाठी मनाने केलेली ती सोय होती. पण पुढे त्यांचं म्हणणं असं झालं की ज्यांच्यावर बॉम्ब पडला नाही, ज्यांच्याकडे फक्त तो आहे, त्यांनाही ही बधिरता येते. माझ्या वर्गातलं हसू मला तेव्हा कळलं. पेढेही थोडे कळले.

इथे कुणी उठून म्हणेल, मास्तर, बॉम्ब होता म्हणूनच १९९९ मध्ये कारगिलचं युद्ध कारगिलपुरतं राहिलं. असं मानणारे जाणकार आहेत आणि त्यांच्या म्हणण्यात तथ्य असू शकतं. देशाने तो ठेवावा की नाही यावर आज मला बोलायचं नाही, माझी तेवढी पात्रताही नाही. पोखरणचा अभिमान मला अजूनही पुरता टाकता आलेला नाही. मी बोलतोय ते घरात, ओट्यावर, जेवताना काय होतं त्याबद्दल.

घर म्हटलं की मला तुर्भे आठवतं. आपला बॉम्ब ज्या प्लुटोनियमचा, ते मुंबईच्या तुर्भ्यातल्या सायरस आणि ध्रुव या अणुभट्ट्यांमधलं. त्या केंद्रात किती मराठी माणसं कामाला होती आणि आहेत! १९९८ च्या वेळी केंद्राचे संचालक अनिल काकोडकर होते. त्यांचे वडील गोव्याचे स्वातंत्र्यसैनिक, आई कमलाताई गांधीविचाराच्या, त्याही स्वातंत्र्यलढ्यातल्या. सूत कातणारं घर आणि पोखरण एकाच पिढीच्या अंतरावर. मी हे टीका म्हणून सांगत नाही. आपल्या सगळ्यांच्याच मनात ही दोन्ही घरं शेजारीशेजारी आहेत. चाचणीच्या तयारीत शास्त्रज्ञ लष्करी गणवेश घालून, खोटी नावं घेऊन पोखरणला जात. डॉ. कलाम तिथे मेजर जनरल पृथ्वीराज होते. आपल्याला त्यातली गंमत दिसते. मला त्या घरातल्या बाई दिसतात. नवरा कुठे गेलाय विचारायचं नाही, एवढं त्यांना पक्कं ठाऊक असणार. न विचारण्याची ही सवय आधी एका वसाहतीला लागते, मग देशाला.

जपानात तर न सांगण्यावर संसार उभे राहिले. बॉम्बमधून वाचलेल्यांना तिथे हिबाकुशा म्हणतात. किरणोत्साराचा दोष पुढच्या पिढीत उतरेल या धास्तीने त्यांच्या मुलींना स्थळं येईनात, नोकऱ्या मिळेनात. मग अनेकांनी आपण त्या दिवशी हिरोशिमात होतो हे लपवलंच. स्थळ बघताना काय लपवतात आणि ते लपवताना आईच्या पोटात कसा खड्डा पडतो, हे इथे बसलेल्या भगिनींना मी सांगायला नको. त्याच लोकांनी १९५६ मध्ये आपली संघटना काढली, उघडपणे बोलू लागले, आणि २०२४ चं शांततेचं नोबेल त्या संघटनेला, निहोन हिदानक्योला, मिळालं. लपवण्यापासून इथपर्यंत यायला त्यांचं सगळं आयुष्य गेलं.

आपल्याच तालुक्यात मात्र भीती मोठ्याने ओरडायची एक जागा आहे. गाणगापूर. आरतीच्या वेळी मठात बाधा झालेली माणसं किंचाळतात, खांबाला भिडतात, जमिनीवर लोळतात, हे आपण लहानपणापासून बघत आलो. मी विज्ञानाचा माणूस, भूतबाधा मानत नाही. पण तिथे एक गोष्ट होते ती इतरत्र होत नाही. त्या बाईला कुणी "गप बस" म्हणत नाही. शेकडो माणसं उभी असतात आणि तिचा आवाज ऐकून घेतात. माझ्या वर्गाला हे जमलं नाही.

२०२५ चा मे महिना आठवा. ७ मे रोजी देशात ठिकठिकाणी भोंगे वाजवून नागरी संरक्षणाचा सराव झाला, आणि त्याच पहाटे ऑपरेशन सिंदूर. पुढचे तीन-चार दिवस टीव्हीवर अणुबॉम्ब हा शब्द क्रिकेटच्या धावसंख्येसारखा येत-जात होता. आपल्या व्हॉट्सॲप गटांवर काय चाललं होतं? निम्मे संदेश "एकदाचा टाकून मोकळे व्हा" असे. पुढे किराना टेकड्यांमधून किरणोत्सार गळतोय अशी आवई उठली. पाकिस्तानातल्या कुठल्याही अणुकेंद्रातून गळती झालेली नाही, हे आंतरराष्ट्रीय अणुऊर्जा संस्थेने सांगितलं, पण तो संदेश कुणी पुढे पाठवला नाही. माझ्या सुनेने पुण्यात पाण्याच्या बाटल्या आणि बिस्किटं भरून ठेवली आणि सासऱ्यांना सांगू नका असं मुलाला बजावलं. हे मला जुलैत कळलं. म्हणजे मास्तरांचा धाक अजून आहे.

चूक होऊ शकते हेही आपण बोलत नाही. ९ मार्च २०२२ रोजी आपलं एक ब्रह्मोस क्षेपणास्त्र चुकून सुटलं आणि पाकिस्तानात मियां चन्नूजवळ पडलं. त्यात स्फोटकं नव्हती, कुणी मेलं नाही, सरकारने खेद व्यक्त केला. त्या बातमीवर आपल्या पारावर किती वेळ चर्चा झाली? मला तरी आठवत नाही.

धीराचीही एक गोष्ट आहे. १९८८ मध्ये दोन्ही देशांनी एकमेकांच्या अणुकेंद्रांवर हल्ला न करण्याचा करार केला. त्यानुसार १९९२ पासून दर १ जानेवारीला दिल्ली आणि इस्लामाबादेत आपापल्या केंद्रांच्या याद्या एकमेकांना दिल्या जातात. कारगिल झालं, मुंबईवर हल्ला झाला, बोलणी तुटली, तरी त्या याद्या गेल्या. भांडणाऱ्या भावांनी दरवर्षी एकमेकांच्या हातात घराची किल्ली नाही, पण घरात ज्वलनशील काय आहे त्याचा कागद द्यावा, तसं. हे मुलांना शाळेत सांगायला हवं होतं. मी आकृती काढत बसलो.

आता शेवटचं आणि कामाचं. १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला अमेरिकेत सिबिल एस्कालोना या मानसतज्ज्ञ बाईंनी मुलांना साधा प्रश्न विचारला होता: दहा वर्षांनी जग कसं असेल असं तुम्हाला वाटतं? प्रश्नात युद्धाचा, बॉम्बचा उल्लेखही नव्हता. तरी बहुसंख्य मुलांच्या उत्तरात तो आपणहून आला. घरात कुणी बोलत नव्हतं, मुलांना सगळं ठाऊक होतं.

येत्या रविवारी मंडळाची चित्रकला स्पर्धा आहे. अध्यक्षांच्या परवानगीने मी विषय बदलून घेतला आहे. 'माझा आवडता सण' ऐवजी 'दहा वर्षांनंतरचं माझं घर'. बॉम्बचं नाव कुणी काढायचं नाही, सुचवायचं नाही. मुलं मॉल काढतील, विमान काढतील, आणखी काही काढतील. जे काढतील त्याला नंबर द्यायचे नाहीत, चित्राजवळ बसून "हे काय आहे रे?" एवढंच विचारायचं आणि उत्तर पुरतं ऐकायचं. त्यासाठी मला आठ-दहा मोठी माणसं हवी आहेत. सकाळी १० वाजता, याच मंडपात. कागद मंडळ देईल, रंग मुलांनी घरून आणावेत.